वाड्याचा रखवालदार, हडळ आणि तिसरा हवालदार

वाचकांचे प्रश्न

भयपट, गुन्हेपट आणि रहस्यमालिकांत छोट्या भूमिका करणाऱ्यांकडून आम्ही प्रश्न मागवले होते. ठाणे आणि नवी मुंबईतून आलेल्या पत्रांपैकी सात या अंकात घेतली आहेत. ‘नायक कसं व्हायचं’ असं विचारणारी पत्रं बाजूला ठेवली आहेत, त्यांचं दुकान वेगळं.

वय ५१, बँकेतून स्वेच्छानिवृत्ती घेतली. राज्य नाट्य स्पर्धेत बरीच वर्षं कामं केली. आता भुताखेतांच्या आणि पोलिसी गोष्टींत काम करायचं आहे. एक फोटोग्राफर पोर्टफोलिओचे ३५ हजार सांगतो. करून घ्यावा का?
(वाचक, नौपाडा, ठाणे)

नको. सूट घालून, हनुवटीला हात लावून काढलेले तीस फोटो कास्टिंगवाले बघत नाहीत. त्यांना चार लागतात: समोरून चेहरा, डावी बाजू, उजवी बाजू आणि डोक्यापासून पायांपर्यंत उभा. सकाळी खिडकीच्या उजेडात, साध्या भिंतीसमोर, फिल्टर न लावता मोबाइलवर काढा. तुमच्या वयाला आणखी दोन जोडा, एक गुळगुळीत दाढी केलेला आणि एक आठवडाभर वाढवलेल्या खुंटाचा. एकाच माणसात हेडक्लार्क आणि फरार आरोपी दोन्ही दिसले की कामाची शक्यता वाढते. केस काळे करत असाल तर ते थांबवा. पन्नाशीच्या पिकलेल्या डोक्याला मागणी असते आणि कलप कॅमेऱ्यात लगेच कळतो.

परिचयाचा व्हिडिओ ४० ते ६० सेकंदांचा, मोबाइल आडवा धरून. नाव, उंची, कुठल्या वयाच्या भूमिका शोभतील, कोणत्या भाषा आणि बोली येतात, कुठे राहता, मग दोन्ही बाजूंनी चेहरा आणि दोन्ही हात. मालवणी, आगरी, वऱ्हाडी यांपैकी काही खरोखर बोलता येत असेल तर दोन वाक्यं बोलून दाखवा, नुसतं ‘येते’ म्हणू नका. मोबाइल डोळ्यांच्या उंचीवर, चार-पाच फुटांवर. पंखा बंद. कुकरच्या शिट्टीवर रद्द झालेल्या ऑडिशन कमी नाहीत. ऑडिशनचा प्रसंग करताना समोरच्या पात्राची वाक्यं वाचणाऱ्याला लेन्सच्या अगदी शेजारी बसवा आणि हळू वाचायला सांगा, नाहीतर त्याचाच आवाज मोठा येतो. दोन टेक पाठवा, पण दोन्हींत फरक असू द्या. तोच टेक पुन्हा पाठवणं म्हणजे त्यांचा वेळ घेणं.

रंगभूमीची एक सवय मात्र आड येईल. गडकरी रंगायतनच्या शेवटच्या रांगेपर्यंत पोचणारा आवाज चार फुटांवरच्या माइकला फार होतो. आवाज उतरवायला सांगितलं की बरेच जण ऊर्जाही उतरवतात आणि वाक्य मरगळतं. आवाज खाली आणा, वेग आणि हेतू तोच ठेवा.

निवडीसाठी पैसे मागणारा कास्टिंगवाला नसतो, मग तो रक्कम ‘नोंदणी’ म्हणून मागो, ‘कार्ड’ म्हणून किंवा ‘वर्कशॉप’ म्हणून. ऑडिशन द्यायला संघटनेचं कुठलंही कार्ड लागत नाही. कलाकारांची संघटना सिन्टा, गर्दीतल्या ज्युनिअर आर्टिस्टांच्या संघटना वेगळ्या. काम मिळू लागल्यावर चौकशी थेट संघटनेच्या कार्यालयात करा, मध्यस्थाकडे नको.

वेब सिरीजमध्ये वाड्याच्या रखवालदाराचं काम मिळालं आहे. दीड पानाचं बोलणं आहे, वाड्यात पूर्वी काय घडलं ते पाहुण्यांना सांगायचं. वाचनाच्या वेळी दिग्दर्शक सारखे ‘कमी करा’ म्हणतात. नेमकं काय कमी करू?
(वाचक, कोलशेत, ठाणे)

बहुधा तुम्ही भुताची गोष्ट सांगताय. डोळे मोठे, आवाज खोल, ‘त्या रात्री’च्या आधी थांबा. पण रखवालदाराला ही गोष्ट नवी नाही. त्याने ती वीस पाहुण्यांना सांगितली आहे आणि वीसही जणांनी ऐकलं नाही. त्याला काय हवंय ते आधी ठरवा. पाहुण्यांनी निघून जावं? किल्ली देऊन आपल्याला घरी जाऊन जेवायचंय? की आपण त्या रात्री पळून गेलो होतो हे कळू नये? यातलं एक पक्कं केलं की वाक्यांना आपोआप वजन येतं आणि भीतीचं काम प्रेक्षक करतो. भयपटात अशक्य गोष्ट घडणार असते. ती घडू शकते हे पटवायला आजूबाजूची माणसं सातबाऱ्याच्या उताऱ्याइतकी खरी लागतात. नायक घाबरतो तेव्हा प्रेक्षक त्याच्याकडे बघतो, पण घाबरावं की नाही हे तो तुमच्याकडे बघून ठरवतो.

पाठांतराची पद्धत: उतारा पाच-सहा तुकड्यांत तोडा आणि प्रत्येक तुकड्यापुढे एकच क्रियापद लिहा. टाळतो, चाचपतो, धमकावतो, विषय बदलतो. मग भांडी घासताना, जिना चढताना, सपाट आवाजात पाठ करा. भावनेसकट पाठ केलं की ती चाल घट्ट बसते आणि सेटवर दिग्दर्शकाने दुसरं काही मागितलं की शब्दच हरवतात.

कंटिन्युइटी, म्हणजे टेकमागून टेक सारखेपणा, सांभाळा. हा प्रसंग आधी मास्टर शॉटमध्ये, म्हणजे सगळे दिसतील असा, मग पाहुण्यांच्या खांद्यावरून, मग तुमच्या क्लोजमध्ये असा तीन-चार वेळा होईल. मास्टरमध्ये कंदील डाव्या हातात असेल आणि ‘विहीर’ शब्दावर खाली ठेवला असेल, तर प्रत्येक वेळी त्याच शब्दावर, त्याच हाताने. बिडीचा मोह टाळा. ती दर टेकला वेगळ्या लांबीची होते, संकलनात जोडता येत नाही, आणि मग तुमचं उत्तम वाक्य पाहुण्याच्या चेहऱ्यावर जातं. नवख्यांचे क्लोज यामुळे जास्त कापले जातात, वाईट अभिनयामुळे त्या मानाने कमी. एकच हालचाल निवडा, किल्ल्यांचा जुडगा पुरतो. पण तोही बोलताना वाजवू नका, साउंडवाले वैतागतात.

वय ५८. एका भयपटात हडळीची भूमिका आहे. चेहऱ्याचा साचा घेणार, कृत्रिम त्वचा, दात आणि पांढऱ्या लेन्स लावणार असं कळलं. मला मधुमेह आहे, त्वचा नाजूक आहे. काय काळजी घेऊ?
(वाचक, ऐरोली, नवी मुंबई)

ताई, मधुमेहाची गोष्ट होकार देतानाच सांगायला हवी होती. अजून सांगितली नसेल तर आजच सांगा. चार तासांचा मेकअप आणि अवघड जेवण हे तुमच्या गोळ्यांच्या वेळांत बसवावं लागेल.

पहिला टप्पा साचा. केसांवर टोपी चढवतात, भुवया आणि पापण्यांना व्हॅसलीन लावतात आणि चेहऱ्यावर आल्जिनेटचा लगदा थापतात. तो पाच-सहा मिनिटांत घट्ट होतो, गरम पाण्यात कालवला तर आणखी लवकर. वरून प्लास्टरच्या पट्ट्या. सगळं मिळून साधारण अर्धा तास डोळे आणि तोंड बंद, नाकपुड्या मोकळ्या. सर्दी असेल तर दिवस बदलून घ्या, यात भीड नको. बंद जागेची भीती वाटत असेल तर आधी सांगा आणि ‘थांबा’साठी हाताची खूण ठरवा. साचा होताना चेहरा सैल ठेवा. हसलात की गाल वर राहतात आणि तयार झालेला तुकडा खऱ्या चेहऱ्यावर बसत नाही, कडा उचलल्या जातात.

दुसरा टप्पा चाचणी. फुगे फुगवताना किंवा रबरी हातमोजे घालताना खाज येत असेल तर लॅटेक्सची अॅलर्जी असू शकते. तसं असेल तर फोम लॅटेक्सऐवजी सिलिकॉनचे तुकडे मागा. जिलेटिनचा पर्यायही निघेल, पण ते उष्णतेने वितळतं. मे महिन्यात दिव्यांखाली ते दुपारपर्यंत टिकणार नाही. चिकटवण्याचा गोंद आणि काढण्याचं द्रावण, दोन्ही कोपराच्या आतल्या बाजूला लावून २४ ते ४८ तास बघा. लोक गोंदाची चाचणी करतात आणि द्रावणाची विसरतात, पुरळ मात्र बऱ्याचदा द्रावणाने येतं.

शूटिंगच्या दिवशी पूर्ण चेहऱ्याला तीन-चार तास लागतात, म्हणजे आठच्या शॉटसाठी चारचा कॉल. गाडी पाठवणार का ते आदल्या दिवशी पक्कं करा. हा वेळ शिफ्टमध्ये धरतात का, तेही करारात लिहून घ्या. घाम वरच्या ओठावर आणि कपाळाच्या कडेला प्रथम साचतो आणि तिथूनच कड सुटते. स्वतः दाबू नका, मेकअपवाल्यांना हाक मारा. खाज आली तर बोटाने हलकं टिचकवा. पाणी स्ट्रॉने प्या. तेलकट खाऊ नका, वड्याचं तेल ओठाच्या कोपऱ्यात गेलं की गोंद सुटतो. इडलीचे छोटे तुकडे किंवा चमच्याने दहीभात चालतो. साखर उतरली तर हाताशी लगेच काय घ्यायचं ते डॉक्टरांना विचारून मेकअप खोलीत ठेवा.

लेन्ससाठी आधी नेत्रतज्ज्ञांकडे जा, मोतीबिंदूची शस्त्रक्रिया झाली असेल किंवा डोळे कोरडे पडत असतील तर नक्कीच. मोठ्या लेन्स डोळ्याच्या पांढऱ्या भागावरही बसतात आणि नजर अरुंद होते. त्या घालण्याआधी चालण्याची वाट पावलं मोजून पाठ करा. लेन्स घालायला-काढायला जाणकार माणूस हवा आणि शॉट झाला की बाहेर. दुसऱ्याच्या वापरलेल्या लेन्स कुणी दिल्या तर सरळ नाही म्हणा. दात आठवडाभर आधी घरी मागून घ्या आणि रोज वीस मिनिटं वर्तमानपत्र मोठ्याने वाचा. स, श, च ही अक्षरं आधी अडखळतात.

काढताना घाई सगळ्यांनाच असते. कडेपासून ब्रशने द्रावण भिजवत पाऊण तास ते तासभर लागतो. ओढून काढलं तर वरची त्वचा सोबत येते आणि दुसऱ्या दिवशी त्याच लाल जागेवर पुन्हा गोंद लागतो. मधुमेहात अशी जखम भरायला वेळ लागतो, म्हणून इथे अजिबात भीड धरू नका.

आणि अभिनय. सिलिकॉनखाली बारीक भाव पोचत नाहीत. मान, खांदे, श्वासाचा वेग आणि थांबणं यांवर काम करा. पूर्ण मेकअपमध्ये दहा मिनिटं आरसा मागून घ्या, कुठला स्नायू बाहेर दिसतो ते कळेल. २०१८ च्या ‘तुंबाड’मधली भयंकर आजी मोहम्मद समद या किशोरवयीन मुलाने केली होती, त्यातला नायकाचा मुलगा पांडुरंगही तोच. हडळीचं वय मेकअप आणतो, तिची चाल कलाकाराने आणायची असते.

गुन्हेमालिकेत प्रेताचं काम आहे. श्वास कसा लपवायचा?
(वाचक, कळवा)

छाती भरून श्वास धरू नका, तो सुटताना दिसतो. ‘अॅक्शन’च्या आधी तीन-चार खोल श्वास घ्या, मग अर्धा सोडून थांबा. दहा-पंधरा सेकंद सहज जातात. शॉट लांब असेल तर पोटाने, उथळ. सैल शर्ट मागा आणि मानेची धडधडणारी शीर कॅमेऱ्यापासून वळवून घ्या. डोळे उघडे ठेवायचे असतील तर आधी जोरात पापण्या मिटून उघडा आणि नजर दूरवर सैल सोडा, जवळच्या वस्तूवर रोखू नका. आवंढा आधीच गिळा. नकली रक्त बहुधा साखरेच्या पाकाचं असतं. झाडीत जमिनीवर झोपायचं असेल तर खाली चादर किंवा प्लास्टिक मागा, गोड प्रेताला मुंग्या लागतात.

समोर काहीच नसताना राक्षस बघून किंचाळायचं आहे, राक्षस नंतर संगणकावर टाकणार. नजर कुठे ठेवू? तालमीतच घसा बसला.
(वाचक, नेरूळ)

तीन गोष्टी विचारा: उंची किती, अंतर किती, कुठून कुठे आणि किती वेगाने जातो. काठीला चेंडू लावून देतात का पाहा. नसेल तर तेवढ्याच अंतरावरची एखादी खिळ्याएवढी खूण ठरवा. हवेत नुसतं ‘तिकडे’ बघितलं की दोन्ही डोळे वेगळ्या अंतरावर जुळतात आणि क्लोजमध्ये ते कळतं. शेजारच्या कलाकाराचीही तीच खूण हवी. दोघांचे राक्षस दोन उंचीचे, ही चूक फार वेळा पडद्यावर जाते.

किंचाळी तालमीत फक्त तोंड उघडून, आवाज न काढता दाखवा. टेकच्या आधी ध्वनिमुद्रकाला सांगा, तो पातळी कमी करील. घशातून नको, पोटातून ‘आ’. किंचाळीचे शॉट दिवसाच्या शेवटी ठेवता येतील का, विचारून पाहा. कधी कधी एक चांगली किंचाळी वेगळी ध्वनिमुद्रित करून सगळीकडे वापरतात, तेही सुचवा. कोमट पाणी, वाफ आणि मौन. खाकरू नका, कुजबुजूही नका. आवाज दोन आठवड्यांपेक्षा जास्त बसलेला राहिला तर कान-नाक-घसा तज्ज्ञांना दाखवा.

तीन वेळा मांत्रिक झालो, चौथं बोलावणंही मांत्रिकाचंच. घेऊ की शिक्का बसेल?
(वाचक, कोपरखैरणे)

शिक्का बसलाय, तो वापरा. या धंद्यात पहिली पाच वर्षं लोकांना तुमचं नाव आठवत नाही, ‘तो मांत्रिकवाला’ एवढंच आठवतं, आणि फोन त्यावरच येतो. १९९३ च्या ‘झपाटलेला’तला बाबा चमत्कार राघवेंद्र कडकोळांनी केला. रंगभूमीवर त्यांचं काम कितीतरी जास्त होतं, पण घराघरांत ते पोचले त्या एका मांत्रिकामुळे. याला दुर्दैव म्हणणारे आहेत, आम्ही म्हणणार नाही. त्याच चित्रपटात तात्या विंचू साकारणारे दिलीप प्रभावळकर पुढे २००६ साली ‘लगे रहो मुन्नाभाई’मध्ये गांधीजी झाले आणि राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. सदाशिव अमरापूरकरांचा १९८३ च्या ‘अर्धसत्य’मधला रामा शेट्टी जवळजवळ हललाच नाही. १९९१ च्या ‘सडक’मधली महाराणी अगदी उलट टोकाची. खलनायक दोन्ही, पण एकाची उसनवारी दुसऱ्यात नाही. नंतर त्यांनी विनोदी कामंही भरपूर केली.

उलट उदाहरणही बघा. रामसे बंधूंच्या १९८४ च्या ‘पुराना मंदिर’ या भयपटातला राक्षस सामरी झालेले अनिरुद्ध अग्रवाल शिक्षणाने अभियंता. उंची आणि चेहरेपट्टी हेच त्यांचं भांडवल. १९९४ च्या ‘बँडिट क्वीन’मध्ये डाकू बाबू गुज्जरसारखी वेगळी भूमिका मिळाली, पण एकूण कामं भुता-राक्षसांचीच जास्त आली. शरीरावर बसलेला शिक्का पुसायला जास्त कठीण असतो. तुमचा पोशाखावर आहे, तो उतरवता येतो.

म्हणून चौथा मांत्रिक घ्या, पण आधी पूर्ण दृश्य वाचायला मागा आणि एक तरी गोष्ट बदलून घ्या. जटा नकोत, शर्ट-पँटमधला, रिक्षाचं भाडं मोजून देणारा मांत्रिक सुचवा. दिग्दर्शकाला बहुधा आवडतं, कारण जटांचा विग त्यालाही कंटाळवाणा झालेला असतो. शिवाय त्याच महिन्यात वकील, शवविच्छेदन करणारे डॉक्टर, तिसरा हवालदार यांच्या ऑडिशन पाठवत राहा, आणि त्या व्हिडिओत मांत्रिकाची दाढी ठेवू नका.

सहा दिवसांचं काम, रोजचे ५ हजार ठरले. चार महिन्यांनी हातात २१ हजार आले. फसवलं का? शिवाय नामावलीत नाव नाही.
(वाचक, घोडबंदर रोड, ठाणे)

हिशेब असा असावा: ३० हजारांतून १० टक्के टीडीएस (पैसे देतानाच कापलेला आयकर), ३ हजार. काम मिळवून देणाऱ्या को-ऑर्डिनेटरचे २० टक्के, ६ हजार. उरले २१. को-ऑर्डिनेटरने टक्केवारी आधी सांगितली होती का, एवढाच प्रश्न. कामाआधी ती मेसेजवर लिहून घ्यायची, आणि पूर्ण रकमेवर की कर कापल्यानंतरच्या रकमेवर, तेही. मालिकांच्या धंद्यात ९० दिवसांनी पैसे ही जुनी रीत आहे. पुढची १५-२० दिवसांची दिरंगाई नेहमीची, त्यानंतर दर आठवड्याला लेखी आठवण द्या.

टीडीएसचे ३ हजार बुडालेले नाहीत. आयकर पोर्टलवर तुमच्या पॅनसमोर ते दिसतात का बघा. दिसत असतील आणि तुमचं उत्पन्न करपात्र नसेल तर विवरणपत्र भरून परत मिळतात. एप्रिल २०२५ पासून अशा मानधनावर, एका निर्मात्याकडून वर्षाला ५० हजारांपर्यंत कर कापणं बंधनकारक नाही, तरी अनेक हिशेबनीस सरसकट कापतात. दिसत नसतील तर एक शक्यता तपासा: पैसे को-ऑर्डिनेटरच्या खात्यातून आले असतील, तर कर त्याच्या पॅनवर जमा झालेला असतो आणि परतावाही त्यालाच मिळतो. म्हणून व्हाउचर किंवा बिल नेहमी आपल्या नावाने आणि आपल्या पॅनने द्या.

नामावलीचा मुद्दा नुसत्या हौसेचा नाही. कॉपीराइट कायद्यात २०१२ साली दुरुस्ती झाली आणि कलाकाराला त्याच्या कामाच्या व्यावसायिक वापरातून रॉयल्टीचा हक्क दिला गेला. पण चित्रपटात ज्याचं काम किरकोळ किंवा प्रासंगिक आहे आणि धंद्याच्या रीतीप्रमाणे ज्याचं नाव कुठेच येत नाही, त्याला त्या कायद्यात ‘कलाकार’ धरलेलं नाही. त्याच्याकडे उरतो तो फक्त आपल्या कामाची मोडतोड करून बदनामी झाली तर हरकत घेण्याचा हक्क. सहा दिवसांची बोलती भूमिका किरकोळ नव्हे असं म्हणता येतं, पण ते म्हणायला कागद हवा.

पुढच्या करारात एवढं असू द्या: किती दिवस, रोजचे किती, शिफ्ट किती तासांची आणि वर गेल्यास काय, मेकअपचा वेळ आणि डबिंग धरलंय का, पैसे कधी, नामावलीत नाव कसं लिहायचं, दिवस रद्द झाला तर काय. चेहऱ्याचा किंवा आवाजाचा संगणकीय नमुना घेणार असतील तर तो याच कामापुरता, असंही लिहून घ्या. रात्रीच्या शिफ्टला ‘घरापर्यंत सोडणं’ हे शब्द हवेत. नुसतं ‘वाहतूक’ लिहिलं तर पहाटे दोनला तुम्हाला स्टेशनच्या बाहेर उतरवतील, आणि तेव्हा ना लोकल असते ना घोडबंदरच्या भाड्याला हो म्हणणारा रिक्षावाला.